मंत्रपाटी लिहिते, पण चिन्ह पोचत नाही : नेहमीचा बिघाड कसा शोधायचा

“सर, पाटी लिखस, पन धाडस नही!”

डिसेंबर लागला, गॅदरिंगच्या तालमी सुरू झाल्या, की अमळनेर-पारोळ्याकडून मला असे फोन यायला लागतात. अहिराणीत ‘धाडस’ म्हणजे धाडते, पाठवते. पाटीवर चिन्ह नीट उमटतं, पण पाठवायचं बटण दाबलं की समोरचा दिवा गप्प. हा एकच बिघाड मी इतक्यांदा काढला आहे, की आता तो शोधायचा क्रम लिहूनच ठेवतो. ऐन प्रयोगाच्या दिवशी पाटी उघडून बसलेल्या पोरांचे चेहरे मला बघवत नाहीत.

मंत्रपाटी ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. पोरांच्या नाटकातली ही जादूची वस्तू. चांगदेवला तापी आणि पूर्णा मिळतात, त्या संगमाच्या अलीकडे एक मुलगी, पलीकडे तिची आजी. मध्ये पूर. मुलगी हातातल्या पाटीवर सूर्य, विंचू, कणीस, नागमोडी रेघ अशी गोंदणातली चिन्हं काढते आणि ती आजीच्या कंदिलात उजळतात. नाटकात ती मंत्राने जातात. प्रत्यक्षात पाटीत ईएसपी-३२ चा बोर्ड, म्हणजे रेडिओ असलेला छोटासा संगणक, आहे, त्यावर २.८ इंची टच स्क्रीन, मागे एक १८६५० जातीचा, पुन्हा चार्ज होणारा लिथियम सेल, आणि तो चार्ज करायला टीपी-४०५६ चं छोटं मॉड्यूल. कंदिलात दुसरा ईएसपी-३२ आणि रंगीत एलईडींची पट्टी. दोन्ही बोर्ड ईएसपी-नाऊ पद्धतीने थेट एकमेकांशी बोलतात, मध्ये राउटर लागत नाही.

आधी लक्षणं नीट बघा

‘चालत नाही’ एवढ्यावर काहीच कळत नाही. पाठवायचं बटण दाबताना डोळे स्क्रीनवर ठेवा आणि नेमकं काय होतं ते कागदावर लिहा. माझ्याकडे येणाऱ्या पाट्यांमध्ये चार तऱ्हा दिसतात.

पहिली, आणि सगळ्यात जास्त दिसणारी: बटण दाबताच स्क्रीन क्षणभर काळी होते आणि सुरुवातीचं चित्र पुन्हा येतं. म्हणजे पाटी मरून परत जन्मते. बरेचदा हे इतकं पटकन होतं की पोरांच्या लक्षातही येत नाही. त्यांना वाटतं, चिन्ह आपोआप पुसलं गेलं. दुसरी तऱ्हा: पाटी चालूच राहते, पण कंदील हलत नाही. तिसरी: कंदील लुकलुकतो, पण चिन्ह येत नाही किंवा भलतंच येतं. आमची पोरं याला ‘चांगदेवाचं पत्र’ म्हणतात. ज्ञानेश्वरांना मायना काय लिहावा हे न सुचल्याने चांगदेवांनी कोरंच पत्र धाडलं, ती गोष्ट इकडे लहान पोरालाही ठाऊक असते. चौथी: पाटी अर्धा तास उत्तम चालते आणि मग पहिल्या तऱ्हेवर येते.

पहिली आणि चौथी या एकाच आजाराच्या दोन पायऱ्या आहेत, आणि तो आजार विजेचा आहे. लिहिताना पाटीला फारसा करंट लागत नाही. पण रेडिओ चालू होऊन चिन्ह हवेत सोडायच्या क्षणी ईएसपी-३२ एकटाच अडीचशे मिलिअँपिअरच्या आसपास ओढतो, स्क्रीनचा उजेड वेगळा. तेवढा करंट सेलकडून, होल्डरकडून, तारेतून त्या क्षणी आला नाही तर व्होल्टेज कोसळतं आणि चिप स्वतःला वाचवण्यासाठी रीसेट होते. म्हणून पाटी लिहिते आणि धाडताना मरते. हे मी इतकं ठासून सांगतो, कारण बिघाड दिसला की सगळे आधी प्रोग्राम बदलायला बसतात. मागच्या हिवाळ्यात एका शाळेतल्या मुलांनी तीन रात्री जागून प्रोग्राम बदलला. दोष होता होल्डरच्या गंजलेल्या स्प्रिंगमध्ये.

फुकटात होणारी तपासणी

सेल काढून ठेवा. पाटी बोर्डाच्याच यूएसबी पिनवरून चांगल्या मोबाइल चार्जरला लावा, केबल आखूड आणि जाड घ्या. मग पाठवायचं बटण वीस वेळा दाबा. विसाच्या वीस वेळा चिन्ह गेलं तर रेडिओ, प्रोग्राम, कंदील सगळं शाबूत आहे. दोष सेल ते बोर्ड या वाटेत आहे. चार्जरवरही पाटी रीसेट होत असेल तर आधी केबल बदला. बाजारातल्या पुष्कळ स्वस्त केबली फोन रात्रभर हळूहळू चार्ज करण्यापुरत्याच असतात, आत तारेचे चार केस असतात. सेल काढायला विसरू नका. दोन्हीकडून वीज एकदम देऊन बघण्याची ही जागा नव्हे.

दुसरी फुकट तपासणी सजावटीची. पाटी जादूची दिसावी म्हणून पोरं तिला बेगड चिकटवतात. बेगड धातूची असेल तर ती रेडिओलहरी अडवते. ईएसपी-३२ च्या पत्र्याच्या डबीपुढे जी नागमोडी सोनेरी रेघ दिसते तो अँटेना. त्याच्या वर, खाली, बाजूला बेगड, ॲल्युमिनियम फॉइल, पत्रा, धातूचा रंग यातलं काहीही नको. सेलही त्याला खेटून ठेवू नका. बेगड काढायला पोरं नाराज होतात, तेव्हा मी त्यांना हळदी-कुंकवाच्या रंगात रंगवलेला पुठ्ठा देतो. रंगमंचावर तो बेगडीपेक्षा छान दिसतो असं माझं प्रामाणिक मत आहे. हातही तसाच. शरीरात पाणी भरपूर, आणि २.४ गिगाहर्ट्झच्या लहरी पाणी शोषतं. मुलीने अँटेनाच्याच टोकाला मूठ आवळली तर अर्धा जोर तिच्या हातातच जिरतो. पाटी धरायची जागा खडूने आखून द्या.

रिकाम्या पटांगणात तालीम चांगली होते आणि प्रयोगाला चिन्ह पोचत नाही, यामागेही हेच कारण असतं. मध्ये माणसं बसलेली असतात. कंदील जमिनीवर न ठेवता माणसांच्या डोक्याच्या वर टांगा. नुसत्या एवढ्याने सुटलेली प्रकरणं मी पाहिली आहेत.

आता होल्डर, स्प्रिंग आणि कापूस

आपल्या भागात ही तपासणी टाळून चालत नाही. काळ्या मातीची धूळ पिठासारखी बारीक असते आणि कापूस घरात आला की त्याचे तंतू सगळीकडे जातात. सेलच्या होल्डरमध्ये स्प्रिंगच्या वेटोळ्यात मला दरवर्षी कापूस सापडतो. तो वीज पूर्ण तोडत नाही, म्हणूनच फसवतो. सेल आणि स्प्रिंग यांचा स्पर्श कमी होतो, थोडा करंट सुखाने जातो, जास्त मागितला की तिथेच व्होल्टेज अडतं.

सेल काढून स्प्रिंग आणि समोरची पट्टी जुन्या टूथब्रशने झाडा. काळपट दिसलं तर मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात मिळणारं आयपीए (आयसोप्रोपिल अल्कोहोल) कापसाच्या बोळ्यावर घेऊन पुसा, वाळू द्या. हिरवट गंज असेल तर घासत बसू नका, होल्डरच बदला. तो फार महाग नसतो. स्प्रिंग दाबून बघा, ती परत उसळली पाहिजे. मग सेल घालून पाटी चालू करा आणि होल्डर बोटाने हळूच हलवत पाठवायचं बटण दाबा. हलवल्यावर फरक पडला तर बिघाड तिथेच. स्विचही असाच तपासा. घसरपट्टीचे छोटे स्विच धुळीने लवकर खराब होतात.

तारांकडेही बघा. पोरं ब्रेडबोर्डच्या केसासारख्या जंपर तारा सेलसाठी वापरतात. सेलपासून बोर्डापर्यंतची तार जाड आणि आखूड हवी, पिळून टेप मारलेली नको, सोल्डर केलेली हवी.

सेलचा कस

इथे मल्टिमीटर लागेल. नुसतं व्होल्टेज मोजून सेल चांगला ठरवू नका, ही सगळ्यात मोठी फसगत आहे. म्हातारा सेलही रिकाम्या हाताने ४.१ व्होल्ट दाखवतो. ओझं दिल्यावर काय होतं ते बघायचं. १० ओहमचा, ५ वॉटचा सिमेंटचा रेझिस्टर घ्या आणि चार्ज केलेल्या सेलच्या दोन टोकांना पाच सेकंद लावा. त्यातून साधारण ४०० मिलिअँपिअर जातात, म्हणजे पाटी धाडताना जेवढे मागते तेवढेच. मीटर त्याच वेळी सेलच्या टोकांवर. धडधाकट सेलचं व्होल्टेज जेमतेम ०.०५ ने खाली येतं. ०.३ ने किंवा जास्त उतरलं तर त्या सेलच्या आतच पाऊण ओहमचा अडथळा बसला आहे. त्याला निरोप द्या. रेझिस्टर गरम होतो, चिमट्याने धरा.

जुन्या लॅपटॉपच्या बॅटरीतून काढलेले सेल मी शाळांना वापरू देत नाही. त्यातले काही चांगले निघतात, पण कोणते ते पोरांना कळत नाही. ९९०० एमएएच असं छापलेले सेलही घेऊ नका. १८ मिलिमीटर रुंद आणि ६५ मिलिमीटर लांब नळकांड्यात एवढी क्षमता मावत नाही. चांगल्या सेलवर साधारण २००० ते ३५०० असा आकडा असतो. जो छापील आकड्यात खोटं बोलतो, तो करंटच्या बाबतीत खरं बोलेल यावर माझा विश्वास नाही.

हवामानाचं एक सांगतो. थंडीत लिथियम सेलचा आतला अडथळा वाढतो. दुपारच्या तालमीत चाललेली पाटी डिसेंबरातल्या रात्री, उघड्या पटांगणात, दहा-बारा अंशांच्या गारठ्यात अडखळते ती म्हातारा सेल असेल तर याचमुळे. प्रयोगापर्यंत पाटी विंगेत मुलीच्या शालीखाली ठेवायला सांगा. आणि उन्हाळ्यात उलटं. जळगाव-भुसावळकडे मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो, आणि ४५ अंशांच्या वर लिथियम सेल चार्ज करू नये. दुपारी पत्र्याच्या खोलीत चार्जिंग अजिबात नको. सकाळी लवकर, डोळ्यांसमोर करा.

अर्ध्या तासाने मरणारी पाटी

चौथ्या तऱ्हेचा उगम बहुधा इथे असतो, आणि तो कुणाची चूक नसून मूळ जोडणीतली उणीव आहे. ईएसपी-३२ ला ३.३ व्होल्ट लागतात. पुष्कळ बोर्डांवर ते देणारा रेग्युलेटर एएमएस-१११७ असतो. त्याला जेवढे बाहेर काढायचे त्यापेक्षा साधारण एक व्होल्ट जास्त आत हवे असतात. यूएसबीचे ५ व्होल्ट दिले तर हिशोब जमतो. सेल थेट जोडला तर भरलेला असताना ४.२ वजा एक, म्हणजे ३.२, कसंबसं चालतं. वापरता वापरता सेल ३.८ वर येतो, बोर्डाला २.८ मिळतात, स्क्रीन तरीही दिसत राहते आणि रेडिओने करंट मागितला की सगळं कोसळतं. सेलमध्ये अजून निम्म्याहून जास्त जीव असतो, पण तो पाटीच्या कामाचा उरत नाही.

उपाय म्हणजे मध्ये सेलचं व्होल्टेज ५ वर चढवणारं बूस्ट मॉड्यूल, आमच्याकडे एमटी-३६०८ चं वापरतात. हे जोडताना घाई केली तर बोर्ड जळतो, म्हणून सावकाश सांगतो. मॉड्यूल बोर्डाला जोडू नका. आधी फक्त सेल त्याच्या आतल्या बाजूला जोडा आणि बाहेरच्या बाजूला मीटर लावा. वरचा पितळी स्क्रू फिरवा. सुरुवातीला बरेच फेरे फिरवूनही आकडा हलत नाही. धीर धरा, जोर लावू नका. ५.० आले की स्क्रूवर नखपॉलिशचा थेंब टाका म्हणजे कुणी पुन्हा फिरवणार नाही. मगच बोर्डाच्या ५ व्होल्टच्या पिनला जोडा. यानंतर प्रोग्राम भरायला लॅपटॉप लावताना सेल काढलेलाच हवा, नाहीतर बूस्टचे ५ व्होल्ट आणि लॅपटॉपचे ५ व्होल्ट एकमेकांवर चालून जातात.

त्याच पिनवर आणि ग्राउंडवर, बोर्डाला खेटून, ४७० मायक्रोफॅरडचा १६ व्होल्टचा कपॅसिटर लावा. घरात माठ असतो तसा हा आहे. नळाची धार बारीक असली तरी पाहुणा आल्यावर तांब्याभर पाणी लगेच देता येतं. रेडिओची मागणी क्षणभराचीच असते, तेवढी हा भागवतो. पट्टा असलेला पाय ग्राउंडला. उलटा लावला तर फुटतो. पण आधीच्या तपासण्या टाळून नुसता कपॅसिटर लावू नका. गंजलेली स्प्रिंग तो चार दिवस झाकतो आणि प्रयोगाच्या रात्री उघडी पाडतो.

पाटी मरत नाही, तरी कंदील गप्प

आता दुसरी तऱ्हा. इथे लॅपटॉप लागेल, पण पैसे लागणार नाहीत. माझ्या प्रोग्राममध्ये चिन्ह पोचल्याची पावती आली तर पाटीच्या कोपऱ्यात हिरवा ठिपका येतो. ईएसपी-नाऊमध्ये एका ठरावीक पत्त्यावर पाठवलं तर समोरचा रेडिओ अशी पावती देतो. सगळ्यांना मिळून पाठवलं तर देत नाही. तुम्ही प्रोग्राम स्वतः लिहिला असेल तर हा ठिपका जरूर घाला, निम्मी डोकेदुखी वाचते. ठिपका येत नसेल तर दोनच गोष्टी बघा. कंदिलातला बोर्ड कधी बदलला आहे का? प्रत्येक बोर्डाचा मॅक पत्ता वेगळा असतो, बदललेल्या बोर्डाचा पत्ता पाटीला कळवावा लागतो. दुसरं, चॅनेल. दोन्ही बोर्ड एकाच चॅनेलवर हवेत. कंदील शाळेच्या वायफायलाही जोडला असेल तर तो राउटरच्या चॅनेलवर जातो आणि पाटी जुन्याच चॅनेलवर हाका मारत बसते. लाइट जाऊन आली की बरेच राउटर पुन्हा सुरू होताना स्वतःच दुसरा चॅनेल निवडतात. ‘काल चालत होतं, काही केलं नाही, आज बंद’ याचं उत्तर अनेकदा असं लाइट जाण्यात मिळतं. कंदिलाला वायफायपासून तोडा आणि चॅनेल प्रोग्राममध्येच पक्का करा.

रेडिओचा जोर वाढवायला वेगळा ॲम्प्लिफायर लावू नका. २.४ ते २.४८३५ गिगाहर्ट्झचा हा पट्टा आपल्याकडे विनापरवाना वापरता येतो तो शक्तीच्या ठरावीक मर्यादेतच, आणि दोन पोरांमधलं पटांगण ओलांडायला तो पुरतो.

चांगदेवाचं पत्र

कंदील लुकलुकला म्हणजे निरोप पोचला, वाचता आला नाही. बहुतेक वेळा पाटीत नवा प्रोग्राम आणि कंदिलात जुना. पाठवणारा चिन्हाचा क्रमांक आधी आणि रंग नंतर पाठवतो, घेणारा उलट वाचतो. दोन्हीकडे एकाच दिवशी एकच आवृत्ती भरा आणि डब्यावर तारीख लिहा.

चिन्ह येता येता कंदीलच विझून पुन्हा लागत असेल तर मात्र तोच जुना विजेचा आजार पलीकडच्या काठाला झाला आहे. कंदिलाच्या पट्टीतला, म्हणजे डब्ल्यूएस-२८१२ चा, एक एलईडी पूर्ण पांढरा पेटला तर ६० मिलिअँपिअरपर्यंत घेतो. पन्नास एलईडी म्हणजे ३ अँपिअर. फोनचा १ अँपिअरचा चार्जर ते कुठून देणार? उजेड प्रोग्राममधून पाव करा, किंवा ५ व्होल्ट ४ अँपिअरचा अडॅप्टर घ्या. आजीचा कंदील पाव उजेडातही सुंदर दिसतो. सूर्याचं चिन्ह पिवळं ठेवा, पांढरं नको.

इथे थांबा

सेल फुगला असेल, त्यातून गोडसर उग्र वास येत असेल, त्याचं प्लास्टिक फाटलं असेल किंवा तो न वापरताही गरम लागत असेल तर पुढची एकही तपासणी करू नका. तो टोचू नका, चार्ज करू नका, कचऱ्यात टाकू नका. कोरड्या वाळूच्या पत्र्याच्या डब्यात घराबाहेर ठेवा आणि जुन्या बॅटऱ्या, ई-कचरा घेणाऱ्याकडे द्या. मुलांना हे काम सांगायचं नाही, मोठ्यांनीच करायचं.

सेलवर थेट सोल्डर करू नका. पट्टी हवी असेल तर बॅटरी पॅक बांधणाऱ्याकडून स्पॉट वेल्डिंग करून आणा. यूएसबीचा पिन बोर्डावरून तांब्याच्या पट्ट्यांसकट उपटला असेल, किंवा वीज देताच चिप बोट ठेववणार नाही इतकी तापत असेल, तर मोबाइलचं चिप लेव्हलचं काम करणाऱ्याकडे न्या. तो बोर्ड बघून ‘नवा घ्या’ म्हणाला तर ऐका. तासन् तास त्यात घालण्याइतका तो महाग नसतो.

आणि सगळ्यात महत्त्वाचं. काही शाळांनी कंदिलाला रिले (बोर्डाच्या इशाऱ्यावर चालणारा स्विच) लावून रंगमंचाचे २३० व्होल्टचे दिवे मंत्रपाटीवर पेटवायला सुरुवात केली आहे. कल्पना मलाही आवडली. पण त्या बाजूच्या स्क्रूला ना विद्यार्थ्याने हात लावायचा, ना माझ्यासारख्या विज्ञानाच्या मास्तराने. रिले चिकटला, दिवा विझत नाही, झटका बसला, काहीही झालं तरी आधी मेन स्विच पाडा आणि परवाना असलेल्या वायरमनला बोलवा. प्रयोग त्या रात्री साध्या कंदिलावर होऊ द्या. मुलगी पाटीवर चिन्ह काढेल आणि विंगेतलं कुणीतरी हाताने बटण दाबेल.